चौथं नाव

दुपारच्या सुट्टीत समृद्धीनं मोबाइल माझ्या डब्याला टेकवून उभा केला आणि म्हणाली, "मॅडम, हे बघा, तुमच्या बेंबळीचं आहे म्हणे." समृद्धी आमच्या धाराशिवच्या ऑफिसात गेल्या वर्षी लागलेली. जगात जे काही चाललंय ते मला दाखवल्याशिवाय त्या पोरीला अन्न गोड लागत नाही. मी मेथीचा घास तोंडात घातला होता. पडद्यावर एक गोरी बाई, मागं बर्फ, हातात व्हायोलिनसारखं काहीतरी, आणि खाली नाव होतं 'बेंबळीची पहाट'. तिनं गज ओढला आणि माझे आजोबा आले. आले म्हणजे तारेवर आले. हणमंतप्पा, जसे लहानपणी यायचे तसे, शेवटच्या जोडाक्षरावर जरा ठेचकाळत. त्यांच्यामागून आजी, अयोध्याबाई, तिचं नाव सुरुवातीलाच लांब ताणलेलं. मग बाबा, महारुद्र. बाबांचं नाव संपायच्या आत मी मोबाइल पालथा घातला. भाजीचं तेल त्याच्या काचेला लागलं, समृद्धी ओढणीनं ते पुसत बसली आणि मी घास गिळायचा विसरून तिच्याकडं बघत राहिले. बीपी वाढलंय का, असं तिनं विचारलं. मी हो म्हणाले, कारण बाई बावन्न वर्षांची झाली की ते उत्तर सगळीकडं चालतं.

रीत सांगायला हवी, नाहीतर बाईचं डोकं फिरलंय असंच कुणालाही वाटेल. आमच्याकडं सुगी झाली, ज्वारी खळ्यातून घरात आली, की मुरूम गावचा लिंबाजी किंगरीवाला यायचा. किंगरी म्हणजे वेळूची दांडी, तिच्या टोकाला कातडं ताणलेली करवंटी, तारा, आणि घोड्याच्या केसांचा गज. गजाला घुंगरं. उजाडता उजाडता तो दारासमोर उभा राहायचा आणि त्या घरातल्या गेलेल्या माणसांची नावं ओळीनं वाजवायचा. तोंडानं घ्यायचा नाही. गेलेल्याचं नाव उंबऱ्यावर तोंडानं घ्यायचं नसतं, ते तारेनं घ्यायचं. परक्याला ती नुसती चाल वाटायची. घरच्या बायांना एकेक नाव स्वच्छ कळायचं. प्रत्येक घराची रांग वेगळी, म्हणून प्रत्येक घराची चाल वेगळी. सुरू करण्याआधी तो एवढंच विचारायचा, "कुणी वाढलं का, माय?" वाढलं असेल तर नाव एकदाच, हळू, त्याच्या कानात सांगायचं. एकदा तारेवर चढलेलं नाव मग दरसाल वाजणार. जित्या माणसाचं नाव चढवलं तर काय होतं, हे कुणी विचारल्याचं मला आठवत नाही. असलं कोण करील?

संध्याकाळी घरी आले तर समृद्धीनं ती चित्रफीत मला पाठवून ठेवलेली, आणि मी चहा टाकेपर्यंत आमच्या ह्यांनी ती पाहिलेली. हे म्हणजे इंद्रजित, निवृत्त मुख्याध्यापक. घंटा वाजवायला शाळा उरली नाही म्हणून आता माझ्या मोबाइलवर लक्ष ठेवतात. त्यांनी तासाभरात सगळं खणून काढलं आणि मला मोठ्यानं वाचून दाखवलं. पुण्याचा कोणी अभ्यासक एका पहाटे बेंबळीत टेपरेकॉर्डर घेऊन आला होता. ती टेप वीसेक वर्षं खोक्यात पडून होती, मग इंटरनेटवर चढली. बर्फातली बाई नॉर्वेची. तिच्या देशातही म्हणे प्रत्येक शेतवाडीची आपली चाल असायची, बापाकडून लेकाकडं जायची. मग धर्मवाल्यांनी हे सैतानाचं वाद्य म्हणून लोकांना ती वाद्यं जाळायला लावली, आणि आता तिच्या वयाची माणसं म्हाताऱ्यांच्या मागं फिरून चाली गोळा करतात. तिला आमची चाल ऐकून आपली आजी आठवली. तिच्याकडून ती आयर्लंडच्या एका म्हाताऱ्यानं उचलली, हंगेरीत लग्नाच्या बँडवाल्यांनी उचलली, राजस्थानातल्या एका रावणहत्थावाल्यानं उचलली. जूनमध्ये तिकडं सगळ्यांचा मेळावा आहे आणि त्याला लिंबाजीचा मुलगा बजरंग मुरूमहून जाणार आहे. "आणि हे ऐक," इंद्रजित म्हणाले, "सगळे म्हणतात चौथं वळण सगळ्यात सुंदर. त्या आयरिश माणसानं लिहिलंय, पहिली तीन वळणं दुःखाची आहेत, चौथ्यात कुणीतरी दारात उभं आहे आणि त्याला आत घेत नाहीत." त्यांना माझ्या माहेराचा अभिमान वाटत होता. चहा उतू गेला.

चौथं वळण मी तोवर कधीच ऐकलेलं नव्हतं. त्या दिवशी नाही, नंतर नाही. पुढच्या पंधरा दिवसांत ती चाल माझ्यामागं लागली. इंद्रजित दाढी करताना गुणगुणायचे, समृद्धीनं ती रिंगटोन करून ठेवली, आणि मी प्रत्येक वेळी बाबांच्या नावाशी उठून जायची. नळ सोडायचा, मिक्सर लावायचा, खोकायचं. पण न ऐकलेली गोष्ट जास्त ऐकू येते. बसस्टँडकडून येताना रिक्षा गिअर बदलते त्या आवाजात मला आजोबा ऐकू येऊ लागले. जिना चढताना पायऱ्या मोजायची माझी जुनी सवय आहे, तर तिसऱ्या पायरीवर पाय थबकायचा. चौथी पायरी बालाजीची होती. बालाजी माझा भाऊ, दोन वर्षांनी मोठा. त्याचं नाव त्या रांगेत मी घातलंय, आणि आता बर्फाच्या देशात, पावसाच्या देशात, जिथं कुणाला बेंबळी नकाशावर दाखवता येणार नाही तिथं माणसं हनुवटीखाली लाकूड धरून त्याला रोज मेलेल्यांत बसवतायत. आणि तो मेलाय की नाही, हे मला माहीत नाही.

बालाजी एका जागी टिकणारा नव्हता. उभ्यानं जेवायचा, अर्धी भाकरी हातात घेऊन दाराबाहेर पडायचा, आणि आई ओरडली की उरलेली अर्धी न्यायला हसत परत यायचा. भूकंपाच्या वर्षी श्रावणात तो उमरग्याच्या पलीकडं एका गावी गवंड्याच्या हाताखाली कामाला गेला. गणपती विसर्जनाच्या दुसऱ्या पहाटे जमीन हलली. बेंबळीत आमच्या घरी उतरंडीची दोन मडकी पडली एवढंच. तिकडं ते गाव दगडांचा ढीग झालं. चुलतभाऊ शोधायला गेले. पावसात एकाच चितेवर कितीतरी माणसं जळत होती आणि कोण कुणाचं ते लिहून घ्यायलाही कुणी नव्हतं. त्याची पत्र्याची पेटी मिळाली, तो मिळाला नाही. माझी आई, कस्तुराबाई, हिनं ती पेटी उघडली, आतले दोन सदरे धुतले आणि खुंटीला लावले. लेकरू कुठंतरी गेलंय, येईल, एवढंच ती म्हणाली. त्या सुगीला लिंबाजीनं विचारलं तेव्हा तिनं आतूनच "न्हाय" म्हणून सांगितलं. पुढच्या सुगीलाही तेच. आणि रोज दोन्ही वेळा ती बालाजीचं ताट वाढायची. जेवणं झाली की ते तसंच्या तसं उचलायचं काम माझं. त्या ताटातली थंड भाकरी मी गाईला घालायची आणि गाय ती आनंदानं खायची.

त्याच काळात मला इंद्रजितांचं स्थळ आलं. सगळं जुळलं, आणि आई म्हणाली, "नवऱ्याचा कान कोण पिळणार?" लग्नात नवरीच्या भावानं नवऱ्याचा कान पिळायचा असतो. चुलतभाऊ तीन होते, तिघंही तयार होते. आई हलेना. बालाजी येईल तेव्हा लग्न. इंद्रजितांच्या घरच्यांनी सहा महिने वाट पाहिली, मग आणखी सहा. मला लग्नाची फार हौस होती असं नाही, मला त्या ताटापासून सुटायचं होतं. मी माझ्या भावावर जीव टाकत होते आणि मी त्याचा द्वेष करायला लागले होते. दोन्ही एकाच वेळी होतं, हे मला तेव्हा कुणी सांगितलं असतं तर बरं झालं असतं. जिवंत असता तर त्याच्याशी भांडले असते. पण तो धड मरतही नव्हता.

आता जे आहे ते इंद्रजितांनाही माहीत नाही. भूकंपानंतरच्या तिसऱ्या मार्गशीर्षात परंड्याचा धुळाप्पा शेरडं विकायला बेंबळीत आला होता. मी पाण्याला गेले तर त्यानं मला थांबवलं. म्हणाला, तुमचा बालाजी परंड्याच्या स्टँडवर कुर्डुवाडीच्या गाडीत बसलेला दिसला, खिडकीशी, दाढी वाढलेली. हाक मारली तर वळून बघितलं. गाडी निघून गेली. मायला सांग, म्हणाला. मी सांगते म्हणाले, घागर उचलली, घरी आले आणि नाही सांगितलं. भूकंपानंतर लोकांना कोण कुठं दिसेल याचा नेम नव्हता, मेलेली माणसं बाजारात दिसत होती, हे खरं आहे. पण मी त्यासाठी गप्प बसले नाही. सांगितलं असतं तर आई परंड्याच्या स्टँडवर जाऊन बसली असती, आणि मी त्या ताटाशी म्हातारी झाले असते. एवढा सरळ हिशोब मी घागर डोक्यावर असतानाच केला होता. तेवीस वर्षांची होते.

मग ती पहाट. लिंबाजी आला, सोबत तो टेपवाला, गळ्यात काळी पेटी, थंडीनं नाक लाल. आई आत सुपात ज्वारी घेत होती. लिंबाजीनं विचारलं, कुणी वाढलं का. आईचं "न्हाय" यायच्या आत मी पुढं झाले आणि त्याच्या कानाशी वाकले. त्याच्या पटक्याला धुराचा वास होता. मी भावाचं नाव सांगितलं. त्यानं माझ्याकडं पाहिलं, बराच वेळ पाहिलं, आणि हळूच विचारलं, "माय काय म्हणती?" मी म्हणाले, मायनंच सांगायला लावलंय. त्यानं मान हलवली आणि गज तारेला लावला. बाबांच्या नावापर्यंत मी उभी राहिले. मग परसात पळाले, गोठ्यात शिरले आणि कडब्याच्या पेंढ्यांत डोकं घालून दोन्ही कान दाबून बसले. परत आले तेव्हा आई उंबऱ्यावर उभी राहून त्याच्या झोळीत ज्वारी ओतत होती. सगळं सूप ओतलं. मग वळून तिनं मला पाहिलं, डोळ्यांत पाणी नव्हतं, काही नव्हतं. त्याच आठवड्यात तिनं स्वतः माणूस पाठवून माझ्या लग्नाची तारीख धरली. वैशाखात लग्न झालं, कान चुलतभावानं पिळला. ताट मात्र मी सासरी निघाले त्या दिवसापर्यंत वाढलं जात होतं. त्यानंतर आई दोन वर्षं जगली आणि एकदाही माझ्या घरी आली नाही. मी गेले तर पाणी द्यायची, पण मला नावानं हाक मारायची नाही. "अगं" म्हणायची, नाहीतर चुलतीला "तिला विचार" म्हणायची. मी समजले की मी तिचं लेकरू मारलं म्हणून तिचा राग आहे. ती गेली, घर विकलं, आता तिथं खताचं दुकान आहे.

हे नाव काढून घ्यायचं, मेळाव्याच्या आत, एवढंच माझ्या मनात होतं. एका शनिवारी इंद्रजितांना ऑफिसचं काम सांगून मी एसटीत बसले. नळदुर्ग, जळकोट, येणेगूर. दर थांब्यावर मी काय बोलायचं ते घोकत होते. पुतळ्यासारखं बसून राहायचं नाही, सरळ सांगायचं: माझी चूक झाली, चौथं नाव गाळा. भाऊ जिवंत असेल तर त्याच्यावरचं ओझं उतरेल, आणि नसेल तर निदान खोटं माझ्या हातून निघेल. तो आज कुठं असेल तर चोपन्न वर्षांचा असेल. त्याच्या कानावर ही चाल पडली असेल का, कुठल्या हॉटेलात, कुणाच्या मोबाइलवर? घरची माणसं ओळखू येऊन तो थांबला असेल, आणि मग आपलंही नाव ऐकलं असेल. मी शेजारच्या बाईला उगाच वेळ विचारली.

बजरंगचं घर मुरूमच्या कडेला, नवीन स्लॅबची एक खोली, बाकी पत्रे. पन्नाशीकडं झुकलेला माणूस, टेम्पो चालवायचा, आता खोलीत मोबाइलचं स्टँड आणि गोल दिवा लावून परदेशातल्या पोरांना शिकवतो. भिंतीवर लिंबाजीचा फोटो, खाली तीच किंगरी. मी बेंबळीच्या महारुद्रांची मुलगी म्हणून सांगितलं तसा तो उठला आणि माझ्या पाया पडला. तुमच्याच घराच्या चालीनं आम्हाला पासपोर्ट दाखवला, म्हणाला. बायकोला चहा टाकायला सांगितलं. एवढ्या आदरानं माझा घोकलेला धडा विस्कटला. मी चहा यायचीही वाट न बघता म्हणाले, तिकडं वाजवाल तेव्हा चौथं नाव गाळा, ते चुकून चढलंय.

त्याच्या चेहऱ्यावरचं हसू गेलं. "चुकून कसं, अक्का? चौथं तुमच्या थोरल्या भैनीचं न्हवं?"

मला बहीण नाही. मी तसं म्हणाले.

"हणमंतप्पा, अयोध्याबाई, महारुद्र, दीपमाला," तो बोटांवर मोजत म्हणाला. "बाबांनी अशीच रांग शिकवली मला. दीपमाला. लगीन ठरलेली पोर व्हती, गेली, असं म्या समजून चाललो."

मी म्हणाले, "दीपमाला मीच."

त्याची नजर नकळत माझ्या पायांकडं गेली. त्याचा दोष नाही, मीही पाहिलं असतं. चहा आला, कुणी घेतला नाही. मग त्यानं मला विचारून विचारून सगळं काढून घेतलं, नाव कुणी सांगितलं, आई कुठं होती, लिंबाजीनं काही विचारलं का. मी धुळाप्पासकट सगळं सांगितलं. तीस वर्षांत पहिल्यांदा सांगितलं आणि तेही एका टेम्पोवाल्याला. मग तो म्हणाला, "आमच्यात कायदा हाय, अक्का. आई जिती असंल तर लेकराचं नाव तिच्याच तोंडून घ्यायचं. दुसऱ्या कुणी सांगितलं, तर सांगणाऱ्याचं नाव लावायचं. खोटं असंल तर त्येचं त्येच्यावर. बाबांनी तुमचं लावलं."

मी त्याला वाजवायला सांगितलं. तो नको म्हणत होता, मी हट्ट धरला. पहिली तीन नावं आली तशी आली. चौथ्याला मी दोन्ही हात गुडघ्यांखाली दाबून बसले. त्यात बालाजी कुठंच नव्हता. दीपमाला होती, पहिलं अक्षर लांब, पुढचं तुटलेलं, आणि शेवट वर जाऊन लोंबकळत राहिलेला, स्वच्छ माझं नाव, आई मला सांजवेळी अंगणातून बोलवायची तसं. आईला कान होता, आणि हा कायदाही तिला ठाऊक असणार. त्या पहाटे सूप हातात घेऊन तिनं हे ऐकलं आणि काय झालंय ते तिला तिथल्या तिथं कळलं. मुलाला मेला म्हणणारी मुलगी तिनं ऐकली, आणि ती मुलगी तिनं सूपभर ज्वारीसकट देऊन टाकली. पुढं मी तिच्या दारात जायची ती गेलेलीच जायची. गेलेल्याला उंबऱ्यावर नावानं हाक कशी मारणार. मला रडू यायला हवं होतं. मला भीती वाटली, मोकळी, लहान मुलाची भीती. एवढी माणसं, एवढ्या देशांत, रोज मला वाजवतायत, आणि मी धाराशिवला डबा घेऊन ऑफिसला जाते.

चढलेलं नाव निघतं का, असं मी विचारलं.

"निघतं," बजरंग म्हणाला. "पर ज्येचं त्येनं सांगून न्हाय. त्याच घरात जन्मलेल्या दुसऱ्या जित्या माणसानं यावं लागतं, घराच्या जागी उभं ऱ्हावं लागतं, आन माझ्यासमोर म्हणावं लागतं, हे माणूस हाय म्हणून."

माझी मुलगी, माझा नवरा? ते दुसऱ्या घरचे, म्हणाला. चुलतभाऊ दुसऱ्या उंबऱ्याचे. त्यानं किंगरी मांडीवर आडवी ठेवली आणि फार सांभाळून विचारलं, "त्या घरचं कुणी हाय का, अक्का, आता?"

ह्या प्रश्नाचं उत्तर मी आजवर पुष्कळ कागदांवर लिहिलंय. नोकरीच्या अर्जावर, घराच्या वारसनोंदीवर, तलाठ्यासमोर, दर वेळी भावाच्या रकान्यात मयत लिहिलंय आणि खाली सही केलीय. बजरंग वाट बघत होता. त्याची बायको दारात उभी होती. बाहेर कुणीतरी गाडी सुरू करत होतं आणि ती सुरू होत नव्हती. शहरात कमावलेली भाषा कुठं गेली कळलं नाही.

"हाय," मी म्हणाले. "भाऊ हाय माझा. बालाजी."